बत्तीस हजार सातशे सदुसष्टच्या पुढं

सन एकोणीसशे चौऱ्याण्णव. मी तेव्हा शेहेचाळीस वर्षांचा होतो. हे वय शाळेच्या दाखल्यावरचं. आई दोन वर्षं जास्त सांगायची, आणि कुठली मेंढी कुठल्या माळावर व्याली हे जिला मरेपर्यंत आठवत होतं, तिचं माझ्याबाबतीत चुकलं असेल असं मला वाटत नाही. पण नोकरी दाखल्यावर लागली, म्हणून दाखल्याचंच धरतो.

मी हे लिहितोय ते एका माणसाच्या नोकरीबद्दल, आणि माझ्या तोंडातून गेलेल्या चार शब्दांबद्दल. ते चार शब्द मी कारखान्याच्या भरल्या शॉपमध्ये मोठ्या साहेबांपुढं बोललो, आणि त्यांच्यामुळं ज्याची नोकरी जायला निघाली तोच मला अक्षरं शिकवणारा माणूस होता. आयुष्यात मी हट्ट पुष्कळ केले. बहुतेकांची मला लाज वाटत नाही. या एकाची वाटते.

आमचं गाव सिल्लोडच्या अंगाला. आम्ही धनगर. शाळा तिसरीपर्यंत, तीही कळप गावाजवळ असायचा तेवढेच महिने. बाकीची शाळा बापाच्या मागं. संध्याकाळी मेंढरं वाडग्यात, म्हणजे काट्यांच्या कुंपणात, घेताना बाप तोंडाशी उभा राहायचा. वीस मेंढरं आत गेली की धोतराच्या सोग्यात एक खडा. विसाला आम्ही ईस म्हणायचो. शेवटी खडे मोजायचे, तेवढे ईस. वरची मेंढरं बोटांवर. बापाला शंभराच्या पुढचा आकडा धड म्हणता यायचा नाही, पण एक कोकरू कमी असलं तर तो जेवायचा नाही.

वाळूजला कारखाने उभे राहायला लागले तेव्हा मी कळप विकला आणि बजाजनगरात खोली घेतली. औरंगाबाद तेव्हा औरंगाबादच होतं. दुचाकीचे पत्र्याचे भाग ठोकणारा एक मधला कारखाना होता, त्यात लागलो. सुरुवातीला हमाली, नंतर डाय ठेवायच्या खोलीत. डाय म्हणजे पोलादी साचा. प्रेसचा ठोका बसला की त्यात पत्रा कापला जातो. ठोके खाऊन साचा बोथट होतो, मग त्याला धार लावायची. वेळेत लावली नाही तर आतून चीर जाते, आणि चीर गेलेला साचा कधी फुटेल याचा नेम नाही. म्हणून किती ठोके झाले ते मोजायचं काम माझं. शिफ्ट सुटली की ऑपरेटर ठोक्यांचा आकडा चिठ्ठीवर लिहून द्यायचा. मी तो वहीत चढवायचो आणि चिठ्ठी तारेत खोचायचो.

आणखी एक रीत होती, ती मीच पाडली. माझ्या खोलीची खिडकी शॉपमध्ये उघडायची. बारा प्रेस चालू असताना आरडून काही उपयोग नसे. तेव्हा ऑपरेटर साचा बसवून माझ्याकडं बघायचा. मी वही बघून हात उंच वर केला की चालव. हात आडवा धरला की थांब. माळावर या टेकाडावरून त्या टेकाडावरच्या माणसाला आम्ही असंच सांगायचो. कागद नाही, सही नाही. माझा हात वर गेला म्हणजे जबाबदारी माझी, एवढं सगळ्यांना ठाऊक होतं.

त्र्याण्णव साली टूलरूमच्या, म्हणजे साचे दुरुस्त करायच्या विभागाच्या, साहेबांनी एक कॉम्प्युटर माझ्या खोलीत आणून ठेवला. धूळ कमी म्हणून माझी खोली. साच्यांचा हिशोब त्यावर घ्यायचा होता. साहेबांनी पुण्याहून एक फ्लॉपी आणली होती. शिकाऊ लोकांसाठी कुणीतरी एक लहानशी भाषा बनवलेली, आणि त्या भाषेत लिहिलेलं मशीनला समजेल असं करून देणारा तेवढाच लहान कंपायलर. अख्खी भाषा अकरा शब्दांची. साहेब कारकुनाला समजावून सांगत होते, मी कोपऱ्यात साचा पुसत होतो. कारकून म्हणाला, "मामाला शिकवा ना साहेब, खोली त्यांचीच आहे." साहेब हसले आणि म्हणाले, "तिसरी पास माणसाला काय त्रास द्यायचा?"

ते चांगलेच होते, वाईट मनानं बोलले नाहीत. पण मी फडकं खाली ठेवलं आणि म्हणालो, "साहेब, अकरा शब्द ना? माझ्या कळपात मेंढ्यांचीच नावं दोनशे होती."

बोललो खरं, पण इंग्रजीचं एक अक्षर येत नव्हतं. मग मी सात नंबर प्रेसच्या ऑपरेटरला गाठलं. तिशीचा, दहावी होऊन आयटीआय केलेला, मुकुंदवाडीहून सायकल आणि बस करून यायचा. तो बौद्ध होता. अठ्ठ्याहत्तर साली त्याच्या खेड्यात त्यांचं घर जाळलं तेव्हा बापानं बिऱ्हाड उचलून शहरात आणलं, हे त्यानं मला एकदा डबा खाता खाता सांगितलं होतं, कांदा कुठं स्वस्त मिळतो हे सांगावं तसं. मी तेव्हा काही बोललो नव्हतो. त्याचं कारण पुढं येईल.

जेवणाच्या सुट्टीत अर्धा तास तो माझ्या खोलीत बसायचा. त्यानं मला शंभर पानी वही करून दिली. एका बाजूला इंग्रजी अक्षरं, समोर मराठीत उच्चार, खाली अर्थ. लेट म्हणजे धर. प्रिंट म्हणजे दाखव. इफ म्हणजे जर. गोटू म्हणजे अमक्या ओळीला जा. मी त्याला मास्तर म्हणायला लागलो आणि मग सगळा कारखाना त्याला मास्तर म्हणायला लागला.

पहिल्या दिवशी मी एक ओळ लिहिली आणि पडद्याकडं बघत बसलो. काही होईना. मी म्हणालो, "बोल की रं आता."

"मामा, ते मेंढरू नाय," मास्तर म्हणाला, "शीळ घातल्यानं यायचं नाय. कंपायलरला हुकूम द्या आधी."

हुकूम दिला. कंपायलरनं ओळ वाचली आणि चूक आहे म्हणून ओळीचा नंबर दाखवला. मी दुरुस्त केली. परत चूक. बारा वेळा चूक झाली असेल. मला त्याची एक गोष्ट आवडली, की बाराव्या वेळीही त्यानं पहिल्या वेळेसारखंच सांगितलं. आवाज चढवला नाही, हसला नाही. शाळेत मला असा गुरुजी मिळाला असता तर मी तिसरीत थांबलो नसतो.

काम संपलं की दर खेपेला पडद्यावर चार ओळी यायच्या. मी मास्तरला विचारलं, हे काय म्हणतंय.

"ह्येला शेअरवेअर म्हणत्यात. बनवणारा म्हणतो, वापरून बघा, मित्रांना द्या. पटलं तर मला पैसे पाठवा."

"आन् नाय पाठवले तर?"

"तर काय नाय. चालत राहतंय."

"बंद नाय पडत?"

"नाय."

"मग बघायला कोण येतं?"

"कोणीच नाय, मामा. ज्याचं त्यानं बघायचं."

मला हे लई नवल वाटलं. कुठल्या तरी मुलखातला माणूस, ना ओळख ना पाळख, इमानावर सोडून मोकळा. पैसे तिकडं कसे पाठवायचे हे ना मला कळलं ना पोस्टातल्या बाबूला. शेवटी मास्तरनं माझ्या वतीनं एक पत्र लिहिलं, मी खाली मराठीत सही केली. उत्तर आलं नाही. पोचलं नसेल.

तीन महिन्यांत मी माझा प्रोग्राम उभा केला. साच्याचा नंबर टाकायचा. शिफ्ट सुटल्यावर ठोके टाकायचे, ते आधीच्या बेरजेत मिळवून तो ठेवून द्यायचा. सकाळी विचारलं की बेरीज हद्दीच्या आत असेल तर पडद्यावर 'चल', हद्द झाली असेल तर 'थांब'. आकडे दाखवायचे नाहीत असं मीच ठरवलं. मला मशीननं निकाल द्यायला हवा होता. हिशोब तर काय, वहीही देत होती. साहेबांनी तो चालवून बघितला आणि माझ्या पाठीवर हात ठेवला. पुण्याहून पाहुणे आले की त्यांना माझ्या खोलीत आणायचे. "तिसरी शिकलेत," असं सांगायचे, आणि आता त्या शब्दानं माझी छाती फुगायची. महिनाभरात मी बेरजेची वही बंद केली. नुसत्या चिठ्ठ्या तारेत खोचत राहिलो, सवयीनं.

दिवाळीनंतर साहेबांची पुण्याला बदली झाली. जाताना त्यांनी एक नवा साचा माझ्या ताब्यात दिला. भारी पोलादाचा, सात नंबरवर चालणारा. बाकी साच्यांची हद्द पंधरा-वीस हजार ठोके. याची बत्तीस हजार. मी आकडा प्रोग्राममध्ये टाकला. मास्तर शेजारी उभा होता. तो म्हणाला, "मामा, एक मिनिट. फ्लॉपीत माहितीची फाइल होती बघा, मी वाचली होती. त्यात लिव्हलंय, ह्या कंपायलरला बत्तीस हजार सातशे सदुसष्टच्या पुढं मोजता येत नाय."

"मग?"

"मग आपण लई काठावर आलो ना."

"मास्तर, आपण बत्तीस हजाराला थांबवतोय. सातशे सदुसष्ट शिल्लक. मग पुढं जातंय कशाला?"

"तसं नाय मामा..."

"तू मला अक्षरं शिकवली, मोजणं नको शिकवू. मोजण्यात माझा जन्म गेला."

भोंगा झाला, तो प्रेसवर गेला. मी काय चुकलो ते आता एखाद्याला दोन वाक्यांत सांगू शकतो. मेंढरं वाडग्यात एकेक करून शिरतात, म्हणून हद्दीवर हात आडवा घालता येतो. ठोके एकेक करून माझ्याकडं येत नव्हते. शिफ्टचे दोन-अडीच हजार एकदम यायचे. कळपच्या कळप उडी मारून हद्द ओलांडणार होता, आणि माझं दार त्यानंतर लागणार होतं.

आणि मग संक्रांत आली. सोळा-सतरा वर्षं ज्याच्यासाठी मोर्चे निघाले, डोकी फुटली, घरं जळाली, ते विद्यापीठाचं नामांतर त्या दिवशी झालं. शहरात जागोजाग पोलीस होते. निम्म्या बस बंद. मास्तर त्या दिवशी रजेवर होता. दुसऱ्या दिवशी शिफ्टच्या आधी पेढ्यांचा पुडा घेऊन आला आणि एकेका प्रेसपाशी फिरला. कुणी घेतला, कुणी 'उपास हाय' म्हणालं, कुणी खिशातून हातच काढला नाही. माझ्या खिडकीशी आला. माझ्या बायकोच्या बहिणीचा नवरा, माझा साडू, पॅकिंगला होता, तो तेव्हा माझ्याजवळ उभा होता. मी पेढा घेतला. पण साडूच्या देखत तोंडात घातला नाही. खणात ठेवला, फ्लॉप्यांच्या डबीमागं. मास्तरनं ते पाहिलं. "खा सावकाश, मामा," एवढंच म्हणाला.

चार-पाच दिवसांनी, सकाळच्या शिफ्टला, सात नंबरचा साचा फुटला.

त्या सकाळी मास्तरनं साचा बसवून माझ्याकडं पाहिलं होतं. मी नंबर टाकला. पडद्यावर 'चल' आलं. मी हात वर केला. तासाभरानं असा आवाज झाला की बारा प्रेसच्या आवाजातून तो वेगळा ऐकू आला. मी धावलो. पंचाचा, म्हणजे साच्याच्या वरून ठोकणाऱ्या भागाचा, एक तुकडा मास्तरच्या दंडात घुसला होता, एक गालाला चाटून गेला होता. डोळा दोन बोटांनी वाचला. साचा ज्यावर बसतो तो प्रेसचा खालचा पलंग तडकला होता. तो उभाच होता, हात दाबून, आणि साच्याकडं बघत होता.

मोठे साहेब खाली आले. सगळी शिफ्ट गोळा झाली. प्रेस बंद पडल्यावर शॉपमध्ये जी शांतता होते ती मला कधीच सोसली नाही. साहेबांनी साचा उलटा करून पाहिला. कड पार गेलेली. "हा कितीतरी आधी उतरवायला हवा होता. कुणाला विचारून चालवलास?"

मास्तर म्हणाला, "मामानं हात वर केला होता, साहेब."

सगळ्यांच्या माना माझ्याकडं वळल्या. साहेबांनी विचारलं, "मामा?"

मी हात वर केला होता, हे मला माहीत होतं. पण पडद्यावर 'चल' होतं, हेही माहीत होतं. आणि ज्या गोष्टीसाठी पुण्याचे पाहुणे माझ्या खोलीत येत होते ती गोष्ट या सगळ्यांपुढं खोटी पडायला आली होती. मी म्हणालो, "कॉम्प्युटर चुकत नाय, साहेब."

एवढंच. मी खोटं बोललो नाही. हात वर केला नव्हता असं म्हणालो नाही. पण ऐकणाऱ्यानं ऐकायचं ते ऐकलं. मागून कुणीतरी म्हणालं, "चार दिस नाचण्यात गेले, ध्यान कुठं ठिकाणावर असंल?" दोघं-तिघं हसले. मास्तर माझ्याकडं बघत राहिला. मी साच्याकडं बघितलं.

त्याला टाके घालायला नेलं, आणि नेतानाच सांगितलं, उद्या येऊ नकोस. परवानगी न घेता साचा चालवल्याचं पत्र उद्या दहा वाजता टाइप होईल. म्हणजे काढून टाकणार.

दुपारी साडू खिडकीशी आला. "साडूभाऊ, बरं बोललात. तुमच्यावर आलं असतं."

मी म्हणालो, "माझ्यावर काय यायचंय? मशीन बोललं."

"तेच तर. आता तसंच धरून ऱ्हावा. त्यांना पाह्यजे ते भेटलं, आता एकांदी नोकरी गेली तर काय बुडत नाय."

मी त्याला जा म्हणालो. पण मनाला कुठंतरी खुपलं, आणि ते माणुसकीचं खुपणं होतं असं मी म्हणणार नाही. मला नुसतं सिद्ध करायचं होतं, की माझा प्रोग्राम बरोबर आहे. शिफ्ट सुटल्यावर मी थांबलो. तारेतून सात नंबरच्या चिठ्ठ्या काढल्या आणि बेरीज करायला बसलो. मोठ्या बेरजेत मी हातचा विसरतो, म्हणून बापासारखं केलं. दर चिठ्ठीचे ईस करून मांडत गेलो. शेवटी दोन हजार पाचशे ब्याऐंशी ईस आणि वर दहा भरले. म्हणजे एक्कावन्न हजार सहाशे पन्नास ठोके. हद्द बत्तीस हजार.

तीन वेळा मोजलं. मग फ्लॉपी काढायला खण उघडला. डबीमागं पेढा होता, वाळून खडा झालेला, एका बाजूनं मुंग्या लागलेला. मी तो बाजूला ठेवला आणि प्रोग्राममध्ये एक ओळ वाढवली. प्रिंट. बेरीज दाखव. कंपायलरनं नेहमीसारखी ओळ वाचली, चूक काढली नाही, आणि दाखवलं: वजा तेरा हजार आठशे शहाऐंशी.

वजा म्हणजे काय ते मला मास्तरनंच शिकवलं होतं. एका शिफ्टला बेरीज बत्तीस हजार सातशे सदुसष्टच्या पलीकडं गेली होती, आणि मोजायला जागा संपल्यावर ते मशीन पार उलट्या टोकाला जाऊन उणे आकड्यांपासून पुन्हा वर चढत होतं. उणे आकडा हद्दीपेक्षा कमीच. म्हणून 'चल'. आठ शिफ्टा ते 'चल' म्हणत होतं आणि आठ वेळा माझा हात वर गेला होता. कंपायलर इवलासा, हद्द ओलांडली हे सांगणारा पहारेकरी त्याच्यात नव्हता. ते बनवणाऱ्यानं आधीच लिहून ठेवलं होतं. मास्तरनं ते वाचून मला सांगितलं होतं.

पडद्यावर त्या चार ओळी आल्या. वापरून बघा, मित्रांना द्या. बघायला कोणी येत नाही. आताही कोणी येणार नव्हतं. टूलरूमचे साहेब पुण्याला, कारकुनाला त्यातलं काही कळत नव्हतं. ती वाढवलेली ओळ पुसली आणि चिठ्ठ्या टूलरूमच्या भट्टीत टाकल्या असत्या तर या जगात हे मला आणि फार तर मास्तरला माहीत राहिलं असतं, आणि मास्तरचं कुणी ऐकणार नव्हतं.

मास्तरनं जळालेल्या घराचं सांगितलं तेव्हा मी का बोललो नाही, ते कारण आता सांगतो. अठ्ठ्याहत्तर साली मी तीस वर्षांचा होतो. पावसाचे दिवस, कळप गावाच्या वरच्या उताराला. दुपारी खाली गावाच्या कडेला धूर दिसला. कुठल्या बाजूचा धूर आहे ते मला वरून कळत होतं, आणि का ते आदल्या दिवसापासून कानावर होतं. बायामाणसांचा आवाज वर येत होता. मी मेंढरं सोडून खाली कसं जायचं, असं स्वतःला म्हणालो. मी मेंढरं मोजत बसलो. दिवसाढवळ्या, माळावर, तीन वेळा मोजली. सगळी भरली. संध्याकाळी मी मोठ्या फेऱ्यानं घरी गेलो, म्हणजे तिथून जावं लागलं नाही. हे मी बायकोलाही सांगितलं नव्हतं.

तो पेढा मी मुंग्या झटकून खाल्ला.

मुकुंदवाडीला पोचायला दोन बस आणि बरीच पायपीट झाली. दिवेलागण होती. स्टेशनच्या मागच्या गल्लीत घर विचारलं तर लोकांनी आधी मला खालपासून वरपर्यंत न्याहाळलं, ते दिवसच तसे होते. मास्तर खाटेवर बसला होता, दंडाला पट्टी. त्याच्या आईनं मला पाणी दिलं आणि विचारलं, "कोण पाव्हणं?"

"ह्येच ते मामा," मास्तर म्हणाला. म्हातारी आत गेली.

मी चिठ्ठ्यांची तार खाटेवर ठेवली. "मास्तर, एक्कावन्न हजार भरले. मशीन वजा दाखवतंय."

"व्हय."

"तुला ठाऊक होतं?"

"साचा फुटल्या फुटल्या ध्यानात आलं. उलटा करून बघितल्यावर पक्कं झालं."

"मग बोलला का नाय तिथंच? तू तर सांगितलं व्हतं मला. साक्षीला तूच व्हतास, मीच व्हतो."

तो जरा हसला, गालाच्या टाक्यामुळं अर्धाच. "बोललो की. मामानं हात वर केला व्हता, येवढं बोललो. ते कुणी धरलं? त्याच्या पुढं वजा आन् बत्तीस हजार बोललो असतो तर काय म्हणले असते? म्हणले असते, तिसरी शिकलेल्या गरीब माणसावर ढकलतोय. आन् ह्या दिवसांत माझ्या तोंडून..." त्यानं पट्टी सावरली. "जाऊ द्या मामा. चहा घ्या."

"मी कुणी गरीब नाय," मी म्हणालो. मला रागच आला.

"तेच म्हणतो ना मी. तुम्ही लई ताठ माणूस. म्हणून तर वाट बघत बसलो व्हतो, येता का नाय."

म्हातारीनं चहा आणला. बशीत ओतून मी तो प्यायलो. मग मला वाटलं, आता इथं आलोय तर अठ्ठ्याहत्तरचंही सांगून टाकावं. तोंड उघडलं. पण मग वाटलं, ते सांगून मी मोकळा होईन, त्याला काय मिळेल? त्याच्या घरच्या धुराशी माझ्या गावच्या धुराचा हिशोब जुळवायला मी कोण? मी गप्प बसलो. ते बरोबर केलं की चूक, अजून ठरवता आलेलं नाही.

मी तार उचलून निघालो तेव्हा त्यानं वही मागितली, ती शंभर पानी, माझ्या पिशवीत असायचीच. डाव्या हातानं, वाकड्या अक्षरात, त्यानं शेवटच्या पानावर तीन ओळी लिहून दिल्या. "साहेबांना हे करून दाखवा. लांबण लावू नका. तीनच ओळी." मी बसमध्ये त्या वाचल्या. ए धर बत्तीस हजार सातशे सदुसष्ट. ए मध्ये एक मिळव. ए दाखव. की आलंच वजा. मला जमल्या असत्या. पण त्यानं लिहून दिल्या, म्हणून मी घेतल्या.

बायकोला घरी सगळं सांगितलं. ती म्हणाली, "तुमचीच नोकरी गेली तर?"

"तर मेंढरं घेईन."

"बजाजनगरात?" ती म्हणाली, आणि माझा डबा भरायला लागली.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी भोंग्याच्या आधी पोचलो. मोठे साहेब दहाला पत्र टाइप करणार होते, पण मी त्यांच्या केबिनमध्ये गेलो नाही. केबिनमध्ये दार लावून बोललेलं दारातच राहतं, आणि मी ते चार शब्द दार लावून बोललो नव्हतो. पहिली शिफ्ट आत आली तसा मी सात नंबरच्या तडकलेल्या प्रेसपुढं जाऊन उभा राहिलो. चिठ्ठ्यांची तार गळ्यात, फ्लॉपी खिशात. ऑपरेटर लोक आपापल्या जागी जाईनात. साडू पॅकिंगच्या दारातून मानेनं नको नको म्हणत होता. कुणीतरी साहेबांना बोलावून आणलं. ते घड्याळ बघत आले.

"काय झालं मामा? प्रेस का चालू होत नाहीयेत?"

मी म्हणालो, "साहेब, कालचा सवाल परत विचारा."

"कुठला सवाल?"

"साचा चालवायला कुणी सांगितलं, तो."

त्यांनी सगळ्यांकडं बघितलं, मग माझ्याकडं. थोडं वैतागून, पण विचारलं. "कुणी सांगितलं होतं?"

मी हात वर केला. माळावर करायचो तसा, पार उंच, शेवटच्या प्रेसवरच्या माणसालाही दिसेल असा. आणि तो तसाच धरून, साहेबांना पुढं घालून, माझ्या खोलीकडं चालायला लागलो, त्या तीन ओळी करून दाखवायला.